लान्स नाईक, भाला आणि घरातली बरची: एका स्मारकशिळेच्या मजकुराचं प्रकरण

दापोली तालुक्यातल्या एका गावाने गेल्या वर्षी आपली जुनी स्मारकशिळा नव्याने करायला घेतली. पहिल्या महायुद्धावर गेलेल्या माणसांची. अशा शिळा कोकणात आणि घाटावर बऱ्याच गावांत आहेत: या गावातून 1914 ते 1919 च्या युद्धासाठी अमुक माणसं गेली, त्यांपैकी इतक्यांनी प्राण दिले, एवढाच मजकूर. नावं नसतात, आकडे असतात. ग्रामपंचायतीने ठरवलं की नव्या काळ्या दगडावर नावं यायला हवीत. घराघरांतले कागद गोळा झाले, मजकूर तयार झाला आणि शुद्धलेखन तपासायला माझ्याकडे आला. मी मराठीची निवृत्त शिक्षिका. ऱ्हस्वदीर्घ बघायचं, एका संध्याकाळचं काम, असं समजून मी कागद उघडला.

तिसऱ्या ओळीवर थांबले. नावाआधी हुद्दा लिहिला होता: 'भालाधारी नाईक'.

ते नाव इथे देत नाही, घरच्यांची तशी इच्छा आहे. 110व्या मराठा लाइट इन्फंट्रीतले हे गृहस्थ 1916 साली मेसोपोटेमियात, म्हणजे आजच्या इराकमध्ये, वारले, एवढं घरातल्या कागदावरून कळतं. कागद म्हणजे त्यांच्या बायकोला मिळालेल्या पेन्शनचा, इंग्रजीत, घड्यांवर फाटलेला. त्यावर हुद्द्याचं संक्षिप्त रूप आहे आणि ते वाचता येतं: लान्स नाईक. मुंबईला असणाऱ्या त्यांच्या पणतूने ते मोबाईलवर भाषांतराला घातलं, उत्तर आलं 'भाला नाईक'. ते कानाला बरं वाटेना म्हणून त्यांनी 'भालाधारी' केलं. उद्घाटनाच्या फ्लेक्सवरही तेच छापून झालं होतं.

मी फोन केला. ते शांतपणे म्हणाले, "बाई, लान्स म्हणजे भाला. कुठलीही डिक्शनरी काढा. आणि घरात भाला आहे त्यांचा. तुम्ही येऊन बघा."

दोन्ही गोष्टी खऱ्या होत्या. लान्स म्हणजे भाला, यात चूक काही नाही. घरात भाल्यासारखं हत्यारही होतं. दोन खऱ्या गोष्टी शेजारी ठेवून त्यातून तिसरी चुकीची गोष्ट तयार झाली होती आणि ती आता ग्रॅनाइटमध्ये कोरली जाणार होती. कागदावरची चूक खोडता येते. दगडावरची चूक पुढच्या चार पिढ्या पुरावा म्हणून दाखवतात.

घरातलं हत्यार

मी गावात गेले. घर उतरत्या कौलांचं, पुढे पडवी, मागे माडाची चार झाडं. पणतूंच्या चुलत आजी घरात असतात, नव्वदीच्या पुढच्या. सुनेने माळ्यावरून हत्यार खाली काढून दिलं. सुती चिंधीत गुंडाळलेलं, तेल लावलेलं. पातं वीतभर लांब, मधे जाड, दोन्ही कडा घासून घासून झिजलेल्या. दांडा जड लाकडाचा. टेप लावली, टोकापासून बुडापर्यंत साडेपाच फूट भरलं.

घोडेस्वाराचा भाला असा नसतो. ब्रिटिशांच्या हिंदी रिसाल्यातल्या स्वारांचा भाला साधारण नऊ फुटांचा, दांडा भरीव बांबूचा. बांबू हलका, लवतो, घोड्याच्या वेगात धक्का बसला तरी चटकन तुटत नाही. आपल्याकडे माणग्याची काठी जशी आतून जवळपास भरीव असते, त्या जातीचं काम. जमिनीवर उभं राहून अंगावर येणारं जनावर थोपवायचं असेल तर मात्र आखूड, जड, न लवणारा दांडा लागतो आणि पातं जाड लागतं. हातातलं हत्यार दुसऱ्या प्रकारचं होतं.

मी आजींना विचारलं, "आजी, हा भाला कुणाचा?"

"भाला नाय ती. बरची हाय," आजी म्हणाल्या. "डुकराची. शिमग्यात पारधीला न्यायचे."

"पणजोबांची? लढाईवर गेले त्यांची?"

"त्यांची कशी व्हईल? ते गेले ते गेलेच. ही माज्या सासऱ्यांची."

एका उत्तरात निम्मं प्रकरण सुटलं. शिमग्याच्या दिवसांत गावाने मिळून रान उठवायचं, हाकारे घालायचे, ही पारधीची चाल कोकणात पूर्वी होती. बरची हे त्या रानाचं हत्यार. पणतूंना हे माहीत नव्हतं, कारण त्यांच्या लहानपणी पारध बंद झाली होती आणि माळ्यावरची वस्तू फक्त 'पणजोबांचा भाला' म्हणून त्यांच्यापर्यंत पोचली होती. आजींना मात्र शब्द आणि वस्तू यांची जोडी पक्की ठाऊक होती. पडवीत बसलेल्या माणसाला आधी विचारावं आणि कोश नंतर उघडावा, ही सवय मला शाळेत कोणी लावली नाही. असल्या कामांनी लावली.

मराठीत टोकदार हत्यारांची नावं काही कमी नाहीत आणि ती एकमेकांच्या जागी बसत नाहीत. भाला हे सर्वसाधारण नाव, संस्कृत 'भल्ल'वरून आलेलं. गंमत अशी की संस्कृतात भल्ल म्हणजे एक प्रकारचा बाण. बरची किंवा बरछी आटोपशीर. सांग अखंड लोखंडाची, दांडासुद्धा लोखंडी. विटा नावाच्या भाल्याला दोरी असे, फेकला की ओढून परत घेता येई. तो बाळगणारा इटेकरी. नेजा हा शब्द फारसीतून आला. कुंत आणि तोमर पोथ्यांत राहिले. हत्यारं गेली तरी शब्द वेगवेगळ्या घरी राहायला गेले आहेत: दरबारातला आणि आता लग्नाच्या वरातीतला भालदार, मैदानावरची भालाफेक, आणि जुन्या मराठीतली 'भालेराई', म्हणजे ज्याच्या हातात भाला त्याचं राज्य, बेबंदशाही. हा शेवटचा शब्द वापरातून जवळजवळ गेला, याचं मला वाईट वाटतं. अराजक म्हटलं की वर्तमानपत्र आठवतं. भालेराई म्हटलं की टापा ऐकू येतात.

हुद्द्यातला लान्स

आता राहिला लान्स नाईक. गावात एक निवृत्त हवालदार आहेत, मराठा लाइट इन्फंट्रीतलेच. त्यांना मी विचारलं तेव्हा त्यांना प्रश्नच कळेना. "लान्स नाईक म्हणजे बाहीवर एक फीत. नाईक म्हणजे दोन. हवालदार तीन. त्यात भाल्याचा काय संबंध, बाई?"

फौजेत हयात घालवलेल्या माणसाला त्या शब्दात भाला दिसतच नाही. वापरणाऱ्याच्या दृष्टीने हाच अर्थ पुरा आहे: नाईकाच्या खालची पायरी. लान्स नाईक भाला घेत नाही, पहिल्या महायुद्धातही घेत नव्हता. मराठा लाइट इन्फंट्री हे पायदळ. हातात रायफल, तिला संगीन.

मग हुद्द्यात लान्स आला कुठून? मुळात तो इटालियन. 'लांचा स्पेत्साता' म्हणजे मोडलेला भाला. लढाईत ज्याचा भाला मोडला, म्हणजे जो प्रत्यक्ष झुंजीतून गेलेला आहे, अशा मुरलेल्या शिपायाला हे नाव पडलं. घोडा गमावलेला स्वार पायदळात येई, पण त्याचा मान साध्या शिपायापेक्षा वरचा राही, असंही त्याचं स्पष्टीकरण दिलं जातं. इटालियनमधून फ्रेंचमध्ये, तिथून इंग्रजीत 'लान्सपेसेड', आणि त्याचं शेपूट गळून उरलेला लान्स 'कॉर्पोरल'ला चिकटला. हिंदी फौजेत कॉर्पोरलच्या जागी नाईक होता, म्हणून लान्स नाईक. नाईक आपला, संस्कृत 'नायक'वरून. एका हुद्द्यात इटलीचा मोडका भाला आणि आपला नायक एकत्र आले आहेत.

हे गावच्या बैठकीत सांगायचं कसं, हा प्रश्न होता. इटालियन शब्दाची वाटचाल ऐकायला रात्री नऊ वाजता देवळाच्या सभामंडपात कोणी बसणार नाही. तिथे मला शिलेदार आठवला.

मराठी फौजेत स्वार दोन प्रकारचे: बारगीर आणि शिलेदार. बारगिराला घोडा सरकारी पागेतून मिळे. शिलेदार स्वतःचा घोडा आणि स्वतःची हत्यारं घेऊन चाकरीला येई. शब्दच फारसी 'सिलाहदार', म्हणजे हत्यारं बाळगणारा. मी म्हटलं, समजा एखाद्या शिलेदाराचा घोडा लढाईत पडला, भाला मोडला. आता तो पायी चालतो आहे. त्याला तुम्ही नव्या पोराच्या रांगेत उभं कराल का? नाही. त्याला चार पोरांवर नेमाल. तो लान्स नाईक.

हवालदारांनी मान हलवली. पणतू मुंबईहून आले होते, तेही गप्प बसून ऐकत होते. मग म्हणाले, "म्हणजे भाला असलेला नाही, भाला मोडलेला."

मी म्हटलं, "शब्दाच्या मुळाशी तेवढंच आहे. तुमच्या पणजोबांच्या हातात तोही नव्हता."

इथे एक गोष्ट लिहायला हवी. त्यांचा हट्ट पोकळ मोठेपणाचा नव्हता. 110वी मराठा कुतच्या, म्हणजे मेसोपोटेमियातल्या त्या गावाला तुर्कांनी घातलेल्या, वेढ्यात होती. डिसेंबर 1915 पासून 29 एप्रिल 1916 ला शरणागती होईपर्यंत 103वी, 110वी आणि 117वी या मराठा पलटणी तिथे अडकल्या. अन्न संपलं, घोडे मारून खायची पाळी आली, आणि नंतर कैदेत माणसं वाटेवर पडत गेली. या मोहिमेत ज्यांची कबर नाही त्यांच्यासाठी इराकमध्ये बसरा स्मारक उभं राहिलं. त्यावर हिंदी अधिकाऱ्यांची नावं कोरली, पण हिंदी शिपायांची नुसती संख्या. नाईक आणि लान्स नाईकही त्या संख्येतच. ज्या माणसाला मोठ्या दगडावर नाव मिळालं नाही, त्याला गावच्या दगडावर थोडं तेज मिळावं, असं पणतूला वाटलं. त्यातून 'भालाधारी' आला. ती माया मला समजते. पण शंभर वर्षांनी प्रथमच नाव लागतं आहे, तर त्याच्यापुढे त्याचाच हुद्दा लागावा. दुसऱ्या कोणाचा मान त्याच्या खांद्यावर कशाला?

लाँच, फ्रीलान्स आणि लान्सेट

बैठक संपल्यावर गोष्टी निघाल्याच. एक पोरगा मोबाईलवर चाळत म्हणाला, "बाई, इथे लिहिलंय की लाँच पण लान्सवरून आला. मग आपली दाभोळची लाँच म्हणजे पण भाला?"

हा प्रश्न मला फार आवडला, कारण याच प्रकरणाचा तो दुसरा नमुना होता. उत्तर असं की दोन लाँच आहेत. रॉकेट लाँच करतात, मोबाईल लाँच करतात, तो लाँच खरोखर लान्सचा नातलग: लॅटिन 'लान्सिआ' म्हणजे भाला, त्यावरून फेकणे, सोडणे. खाडीत चालते ती लाँच मात्र वेगळ्या घरची. पोर्तुगीज आणि स्पॅनिश 'लांचा', आणि त्यामागे मलय भाषेतला 'लांचारान', म्हणजे वेगवान होडी. आपल्या किनाऱ्यावरचा शब्द पूर्वेच्या समुद्रातून आला. इंग्रजीत दोन्हींचं स्पेलिंग एक झालं, म्हणून ते भाऊ दिसतात. आणि ज्यांचं तोंड एकमेकांशी जुळत नाही असे शब्द सख्खे निघतात.

फ्रीलान्सचंही निघालं, कारण गावातली एक मुलगी पुण्यात फ्रीलान्स चित्रं काढते. 'आयव्हॅन्हो' या 1819 साली आलेल्या कादंबरीत वॉल्टर स्कॉटने भाडोत्री स्वारांसाठी हा शब्द वापरला आणि तो पसरला: ज्याचा भाला कोणा एका धन्याला बांधलेला नाही असा. ती म्हणाली, "म्हणजे मी शिलेदार." स्वतःची हत्यारं, स्वतःचा घोडा. याहून नेमकं भाषांतर मला सुचलं नसतं.

लान्सेटची गाठ दुसऱ्या दिवशी सकाळी पडली, आजींच्याच पडवीत. सून त्यांची साखर तपासत होती. डब्यावर देवनागरीत छापलेलं होतं: लान्सेट. छोटा भाला. बोट टोचायची सुई. पूर्वी गळू फोडायच्या, नस कापायच्या दुधारी चाकूचं हे नाव. 1823 साली लंडनमध्ये थॉमस वॅकली यांनी काढलेल्या वैद्यकीय नियतकालिकाचंही तेच. मराठीने ही वाट आधीच चालून ठेवली आहे. शल्य म्हणजे बाणाचं किंवा भाल्याचं टोक, अंगात रुतलेलं काहीही. ते काढण्याची विद्या शल्यक्रिया. जे निघत नाही ते मनातलं शल्य. शूल म्हणजे भाला, आणि तोच पोटात उठतो तेव्हा पोटशूळ. अंगभर काटे वागवणाऱ्या साळूलाही संस्कृतात 'शल्यक' म्हणतात. युरोपात भाल्याचा चाकू झाला, आपल्याकडे भाल्याची विद्या झाली, दुखणं झालं आणि जनावरसुद्धा झालं. भाल्याचं टोक माणसाने जिथे जिथे सोसलं, तिथे तिथे शब्द ठेवला.

आजींनी बोट पुढे केलं, सुई टेकली, थेंब आला. मी त्यांना सांगितलं की या सुईचं नाव आणि पणजोबांच्या हुद्द्यातला शब्द एकाच मुळाचे. त्यांनी सुईकडे बघितलं आणि म्हणाल्या, "एवढाच?"

दगडावर काय गेलं

पर्याय तीन होते. 'भालाधारी नाईक' गेला. 'उपनाईक' असं मराठी करावं, असं ग्रामसेवकांनी सुचवलं. सूचना चांगल्या मनाची होती, पण उपनाईक नावाचा हुद्दा कधी नव्हता. उद्या कोणी फौजेच्या कागदांत शोधायला गेलं तर सापडणार नाही. तिसरा पर्याय हुद्दा आहे तसा ठेवण्याचा. मी त्याच्या बाजूने बोलले आणि हवालदार माझ्याहून जोरात बोलले. हुद्दा हे भाषांतराचं सामान नाही. सुभेदाराचं आपण काही करत नाही, मेजरचं करत नाही, तसंच हे.

मग अक्षरांवरून थोडं अडलं. कोरणाऱ्याने 'लांस' लिहिलं होतं, जागा कमी लागते म्हणून. मराठीत 'स'च्या आधीच्या अनुस्वाराचा उच्चार 'कंस', 'हंस' यांसारखा होतो, नाकात व सारखा. तेव्हा 'न'चा उच्चार हवा असेल तर अर्धा न लिहावा लागतो. 'लान्स' ठरलं. जोडाक्षर बसवायला नावाचा टाइप थोडा लहान करावा लागला, ते घरच्यांनी मान्य केलं. खाली एक बारीक ओळ घातली: '110वी मराठा लाइट इन्फंट्री, मेसोपोटेमिया, 1916'. पलटणीचा आकडा घालायचा आग्रह हवालदारांचा. 1922 मध्ये याच पलटणीचं नाव बदलून ती 5व्या मराठा लाइट इन्फंट्रीची 3री बटालियन झाली. याच बटालियनमध्ये माणगावजवळच्या पळसगावचे नाईक यशवंत घाडगे होते. 10 जुलै 1944 रोजी इटलीत ते धारातीर्थी पडले आणि त्यांना मरणोत्तर व्हिक्टोरिया क्रॉस मिळाला. आपल्याच गावचा दुवा तिथवर जातो, हे गावातल्या पोरांना कळलं पाहिजे, असं हवालदारांचं म्हणणं. ते बरोबर होतं.

फ्लेक्स मात्र बदलला नाही. छापून झाला होता, पैसे गेले होते. तो नाक्यावर 'भालाधारी'सकट लागला आणि आठवडाभर राहिला.

26 जानेवारीला दगडावरचा पडदा निघाला. पणतूंनी स्वतः नाव वाचलं: लान्स नाईक, आणि पुढे पणजोबांचं पूर्ण नाव. आवाज मधे एकदा अडला. मग ते घरी गेले, माळ्यावरची बरची काढून पडवीत भिंतीला टेकवली आणि उरलेला झेंडूचा हार तिला घालायला निघाले. आजी आतून बघत होत्या.

"तिला हार नको," त्या म्हणाल्या. "तेल लाव. गंजायला लागलीय."